आठ, चार, दोन, एक

१

दर रविवारी दोन वाजता आमची तालीम. पोलंडातल्या आमच्या बितोममध्ये रविवारी दोनला सगळं गाव बटाट्याचे गोळे अन् लाल कोबी चेपून आडवं पडलेलं असतं. तेव्हा तुम्ही ड्रम बडवा नाहीतर पियानो खिडकीतून फेका, शिव्या घालायलाही कुणी उठत नाही. म्हणून ती वेळ.

जागा म्हणजे खाणवाल्यांच्या क्लबघराचा दुसरा मजला. खालून कोळसा उपसून उपसून आमचं गाव पोकळ झालंय, त्यामुळे अर्धी घरं दारू प्यायल्यासारखी कलंडलेली. आमची खोली खिडकीकडे उतरती. पियानोखाली लाकडाची एक पाचर, माझ्या ड्रमखाली दोन. तरी वाजवता वाजवता ड्रम खिडकीकडे सरकायचे आणि तासाभराने मी त्यांना परत ओढून आणायचे. रविवारी हीटर बंद. कोळशाच्या गावात राहायचं आणि थंडीने मरायचं, हा विनोद राय्मुंडमामा दर आठवड्याला करायचा आणि दर आठवड्याला एकटाच हसायचा.

राय्मुंडमामा म्हणजे माझ्या आईचा भाऊ. ट्राम दुरुस्त करतो, आणि स्वतःपेक्षा उंच असलेला तारांचा बास मिठी मारून वाजवतो. मला बँडमध्ये त्यानेच घुसवलं, कारण शाळेने मला हाकललं होतं. मी फार काही केलं नव्हतं. परीक्षा चालू असताना सगळ्या वर्गांच्या दारांच्या मुठी बाहेरून काढल्या, पिशवीत घातल्या आणि घरी गेले. एवढंच.

“हिचे हात काही ना काही बडवणारच,” मामा म्हणाला होता. “निदान तालात बडवू दे.”

पण बँड खरा दोघांचाच. पियानोवर लुदेककाका, सॅक्सोफोनवर तेओफिलकाका. दोघं एकाच खाणीत एकाच पाळीला खाली जायचे, एकाच दिवशी पेन्शनीत निघाले, आणि चाळीस वर्षं एकमेकांवर ओरडत होते. वाजवायला बसले की मात्र ओरडणं बंद. कुणी एक-दोन-तीन मोजत नसे. तेओफिलकाका श्वास घ्यायचे, त्यांच्या छातीत कोळशाने एक बारीक शिट्टी बसवली होती, ती वाजायची, आणि दुसऱ्या क्षणाला दोघं सुरू.

त्यांची एक चीज होती. तिला नाव नव्हतं, आम्ही जिना म्हणायचो. सवाल-जवाबाची. चार मात्रांचं एक आवर्तन. आधी आठ आवर्तनं पियानो, आठ सॅक्स. मग चार-चार. मग दोन-दोन. मग एक-एक, नुसती खणाखणी. ते एक-एक चारदा झालं की शेवटी दोघं मिळून. खालच्या हॉलमध्ये कार्यक्रम असला की तिथे माणसं उभी राहायची. तिथे कोण कोणता, हे मला दोन हातांवर बसूनही कळायचं नाही.

नोव्हेंबरात तेओफिलकाका गेले. छातीतली ती शिट्टी एका रात्री वाजायची थांबली. त्यांची मुलगी आली, सॅक्सोफोन पेटीत घालून जर्मनीला घेऊन गेली.

२

लुदेककाकांनी जेवण सोडलं. मामा संध्याकाळी त्यांच्याकडे डबा पोचवायचा आणि सकाळी तो तसाच उचलून आणायचा. “असंच चाललं तर नाताळ बघत नाही हा म्हातारा,” तो आईला म्हणाला. मी भिंतीला कान लावून होते. ती सवय आहे.

मला काय वाटलं ते लिहीत नाही. शाळेने हाकलल्यावर गावातल्या एका माणसाने मला ‘तू काय केलंस’ असं न विचारता ‘तुला काय येतं’ असं विचारलं होतं. तो हा म्हातारा.

डिसेंबरच्या पहिल्या रविवारी मामाने त्यांना जवळजवळ उचलूनच आणलं. कोट न काढता ते पियानोपाशी बसले. आणि जिना सुरू केला. आठ आवर्तनं वाजवली. मग हात मांडीवर घेऊन थांबले.

मामा खाली बास चालवतोय, मी झांज टिकटिकवतेय, आणि मध्ये आठ आवर्तनांचं भोक. ते पियानोच्या उजव्या टोकाकडे बघत होते. तेओफिलकाका तिथे उभे राहायचे. नवव्या आवर्तनाला त्यांनी बरोब्बर हात परत पट्ट्यांवर टाकले, आठ वाजवली, पुन्हा थांबले.

असं चारदा. एवढी लांब शांतता मी ख्रिस्तयज्ञातही ऐकली नाही, आणि तिथे तर मी मुद्दाम शिंकते.

“काका,” तालीम संपल्यावर मामा माझ्याकडे बोट करून म्हणाला, “ती जागा गिझा भरेल की. ड्रमने भरतात लोक. सगळीकडे भरतात.”

“ती जागा रिकामी नाहीये,” लुदेककाका म्हणाले, आणि टोपी घालून गेले.

३

माझ्याकडे ऑक्टोबरातल्या शेवटच्या तालमीची कॅसेट होती. माझ्याच टेपरेकॉर्डरवर भरलेली. त्यात जिना होता, पण अर्धा. आठ-आठ पूर्ण, मग चार-चार सुरू, आणि तिसऱ्या चाराला तेओफिलकाकांना खोकला येतो. मग नुसता खोकला, मग खुर्ची सरकते, मग मामा म्हणतो “पाणी आण गं”, मग खट्.

आता खोडी सांगते. टेपरेकॉर्डर मोठ्या ड्रमच्या पोटात, घोंगडीत गुंडाळून. इअरफोनची वायर बाहीतून वर, केसांखालून कानात. इअरफोनची पिन यंत्रात खोचलेली असली की यंत्र बाहेर गप्प. पिन उपटली की आवाज खोलीत. कॅसेट कानात चालू ठेवायची, तिच्या वेगाने आपण ड्रम वाजवायचा म्हणजे सगळे त्याच वेगात. लुदेककाका वाजवतात तेव्हा पिन आत. ते थांबले की पिन बाहेर.

तीन रात्री उशा बडवून सराव केला.

पुढच्या रविवारी काकांनी आठ वाजवली, हात मांडीवर घेतले. मी पिन उपटली.

सॅक्सोफोन.

मामाचा बास जागच्या जागी मेला. लुदेककाकांचं तोंड असं झालं की मला वाटलं, गिझे, मारलंस तू म्हाताऱ्याला. मी पिन परत खुपसायला गेले, तर ते ओरडले, “हात लावू नकोस!” आणि नवव्या आवर्तनाला त्यांचे हात पट्ट्यांवर पडले, बरोब्बर.

संपल्यावर मामा पट्टा काढत माझ्याकडे आला.

“मेलेल्या माणसाची थट्टा? कार्टे, आज तुझी कातडी ह्या ड्रमला लावतो!”

“बस खाली, राय्मुंड,” लुदेककाका म्हणाले. ते हसत होते. हसता हसता डोळे पुसत होते. “गिझे. पुन्हा लाव.”

दुसऱ्या सकाळी मामाचा डबा रिकामा परत आला. धुतलेला.

४

मग ते दर रविवारचंच झालं. काकांनी दाढी केली. काकांनी मामाच्या विनोदाला शिवी दिली. काका खाताना मी स्वतः बघितलं, लोणच्याची अख्खी काकडी. खोडीने कुणाचं भलं झाल्याचं माझ्या आयुष्यातलं हे एकच उदाहरण, आणि मी ते सगळ्यांना ऐकवत फिरत होते.

एकच बारीकशी गोष्ट खटकली. छोट्या ड्रमच्या खालच्या कातड्यावर तारा ताणलेल्या असतात. खोलीत सॅक्सोफोनचा ठराविक सूर लागला की त्या आपोआप झिर्रर्र करतात. तेओफिलकाका असताना नेहमीचंच. माझ्या टेपरेकॉर्डरच्या चिमुकल्या भोंग्याने मात्र त्या हलायच्या नाहीत, तेवढा दमच नव्हता त्यात.

एका रविवारी त्या हलल्या. तेही कॅसेट वाजताना नाही. लुदेककाका शेवटचं आवर्तन वाजवत होते, मी पिन उपटायच्या आधीची एक मात्रा, आणि तारा झिर्रर्र. कुणीतरी सूर लावून बघावा तसं.

“खाण हलली,” मामा म्हणाला. खाली दगड सरकला की आमच्याकडे कपबशा वाजतात, त्याचं कुणाला काही नाही.

“आज रविवार आहे. खाली कोण काम करतंय?”

“दगडाला रविवार असतो का गं?”

पटलं मला. मला पटायलाच हवं होतं.

५

नाताळनंतरच्या रविवारी काका म्हणाले, “आज पुढे जाऊ. चार-चार.”

पण तिसऱ्या चाराला कॅसेटवर खोकला होता. तो खोकला काकांना ऐकवायचा नव्हता मला. मी ठरवलं, पहिले दोन चार द्यायचे, तिसऱ्याला पिन आतच ठेवायची. रिकामं गेलं तर गेलं. विचारलं तर म्हणायचं, बॅटरी गेली.

पहिला चार. पिन बाहेर, सॅक्स, पिन आत. दुसरा चार. तसंच. तिसऱ्याला काकांनी हात मांडीवर घेतले. मी दोन्ही हात ड्रमवर ठेवले. पिन आत.

डाव्या कानात, इअरफोनमध्ये, तेओफिलकाका खोकायला लागले.

आणि उजव्या कानाने, खोलीत, सॅक्सोफोन वाजत होता.

मी हे परत परत तपासलंय, म्हणून सांगते. पिन आत होती. माझी दोन्ही मनगटं माझ्या डोळ्यांसमोर होती. डाव्या कानात खुर्ची सरकली, मामाचा जुना आवाज म्हणाला “पाणी आण गं”. उजव्या कानात चार आवर्तनं पूर्ण झाली, शेवटचा सूर जरा लांबवून, आणि काकांनी तोच सूर उचलून पुढचे चार सुरू केले.

आता काकांनी जे नुकतंच वाजवलं त्याचं उत्तर दोन महिन्यांपूर्वीची कॅसेट कशी देईल? हे मला रात्री सुचलं. त्या क्षणी मी फक्त वाजवत होते.

“आज फार छान कापून जोडलीस टेप,” मामा बास पुसताना म्हणाला. “शेवटचा भाग कुठून आणलास?”

“मामा, मी काही नाही केलं. पिन आत होती.”

“हो का.”

“देवाशप्पथ!”

“गिझे, तू गेल्या वर्षी देवाशप्पथ घेऊन म्हणालीस की दाराच्या मुठी चोरांनी नेल्या. आणि त्या तुझ्या पिशवीत खुळखुळत होत्या.”

मी काकांकडे बघितलं. ते पियानोचं झाकण लावत होते. माझ्याकडे न बघता म्हणाले, “पुढच्या वेळी यंत्र आणू नकोस. जड असतं ते.”

६

नाही नेलं. कॅसेट घरी, टेपरेकॉर्डर घरी, त्याच्या बॅटऱ्या आईच्या कपाटात.

छोट्या ड्रमला बाजूला एक खटका असतो. तो पाडला की तारा सैल पडतात, मग काही केलं तरी झिर्रर्र होत नाही. मी आल्या आल्या तो पाडला. मनात म्हटलं, आता बघू दगडाला रविवार असतो की नाही.

आठ-आठ झाले. चार-चार झाले. सगळे भरलेले. मी खाली मान घालून वाजवत होते. प्रत्येक वेळी आधी ती शिट्टी यायची, छातीतली, आत ओढलेल्या श्वासाची. कॅसेटवर ती नव्हती. माझ्या स्वस्तातल्या माईकला ती कधी ऐकूच आली नव्हती.

मग काकांनी दोनच आवर्तनं वाजवली आणि हात उचलले.

दोन आवर्तनं सॅक्स.

सैल पडलेल्या तारा झिर्रर्र.

मामा मध्येच थांबला. बास भिंतीला टेकवला. “पुरे झालं. कुठंय?”

“काय?”

“यंत्र! कुठं लपवलंस?”

“नाहीये, मामा.”

त्याने मोठ्या ड्रमच्या पोटातली घोंगडी ओढून काढली. झटकली. माझी बाही चाचपली, केस मागे सारून दोन्ही कान बघितले. पियानोचं खालचं फळकूट काढून आत हात घातला. खिडकी उघडून बाहेर वाकून बघितलं. गुडघ्यांवर बसून खुर्च्यांखाली. ट्राम दुरुस्त करणारा माणूस, तो शोधतो तेव्हा सापडतंच.

हा सगळा वेळ पियानो चालू होता. दोन आवर्तनं पियानो. दोन आवर्तनं दुसरं. पियानो. दुसरं.

मामा गुडघ्यांवर तसाच राहिला. पियानोच्या उजव्या टोकापासून हातभर अंतरावर होता तो. त्याने हळूच तोंड फिरवलं, कुणी कानाशी आल्यावर आपण फिरवतो तसं. मग उठला, बासला गवसणी चढवली, तीही उलटी.

“चल गिझे.”

“आणि काका?”

“मला दोन पोरं आहेत,” मामा म्हणाला. मी काही त्याच्या पोरांबद्दल विचारलं नव्हतं.

७

मी गुरुवारी लुदेककाकांकडे गेले. अंगणात त्यांचा कबुतरखाना. आमच्याकडे पेन्शनीतला खाणवाला म्हणजे कबुतरं आलीच, बायकोचा वाढदिवस विसरेल पण दाणे नाही. कबुतरखान्याचं दार उघडं होतं. आत झाडून काढलेलं.

काका आत शर्टाला इस्त्री करत होते. पांढरा, कॉलरवाला.

“काका, कबुतरं कुठंयत?”

“दिली.”

“कुणाला?”

“पलीकडच्या गल्लीत. ज्याला दाणे टाकायला सवड आहे त्याला.”

“आणि तुम्हाला काय सवड नाही? दिवसभर करता काय तुम्ही?”

“चहा घेणार का?”

“चहा नको! काका, रविवारी एक-एक होणार ना? आणि मग शेवटचं. दोघं मिळून. ते झालं की काय होतं?”

त्यांनी कॉलर उलटवली, टोकापर्यंत इस्त्री नेली. “ते झालं की चीज संपते. दुसरं काय होणार?”

“मग कबुतरं का दिली?”

इस्त्री थांबली. त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. एखाद्याला घराचा पत्ता समजावून सांगायचाय पण तो त्या गावचाच नाही, तसं.

“चाळीस वर्षं त्याने कधी मला जिन्यात मध्येच सोडलं नाही,” ते म्हणाले. “ऑक्टोबरात सोडलं. खोकल्यामुळे. त्याला ते लागून राहिलंय, पोरी. मलाही.”

“हे माझ्यामुळे झालं. मी ती कॅसेट लावली नसती तर—”

“मी नाताळ बघितला नसता.”

“मग आता पुढचा पण बघा की!”

ते हसले. शर्ट खुर्चीवर घालून खांदे नीट बसवले.

मी मामाकडे रडले. मामा म्हणाला, मी येणार नाही आणि तूही जायचं नाहीस. मी आईला सांगितलं. आई म्हणाली, आता ही कुठली नवी खोडी? मग मी तेच केलं जे मला येतं. शनिवारी संध्याकाळी तालमीच्या खोलीच्या कुलपात काड्यापेटीतल्या काड्या कोंबल्या, एकेक मोडून, अगदी गच्च. दरवाजा तोडल्याशिवाय कुणी आत जाणार नव्हतं. माझ्या हातचं काम आहे, शाळेत विचारा.

८

रविवारी दोनला मी गेले. नुसतं बघायला, की काका बाहेर उभे राहून कुलपाला शिव्या देतायत.

दार सताड उघडं. काड्यांचे तुकडे उंबऱ्यावर पडले होते. उतरत्या जमिनीवर, आणि एकही खिडकीकडे घरंगळला नव्हता.

काका पियानोपाशी. काळा सूट, तो पांढरा शर्ट.

“कुलूप कसं उघडलं तुम्ही?”

“मी आलो तेव्हा उघडंच होतं,” ते म्हणाले. “तेओफिल नेहमीच लवकर येतो.”

“मी वाजवणार नाही. ताल नसला तर जिना होणार नाही.”

“नको वाजवूस. बस तिथे, थंडी आहे.”

त्यांनी सुरू केलं. मी ड्रमच्या मागे हाताची घडी घालून बसले. ताल नव्हता आणि तरी होता. आठ गेले. चार गेले. खोली इतकी थंड होती की काकांच्या तोंडातून वाफ निघत होती, माझ्या तोंडातून निघत होती. सॅक्सोफोन वाजवताना माणसाची वाफ दिसत नाही, सगळा श्वास आत जातो. वाजवून झालं, तोंड बाजूला केलं, की मग दिसते.

दोन-दोन सुरू झाले तेव्हा मी ती बघितली. पियानोच्या उजव्या टोकाशी, माणसाच्या तोंडाच्या उंचीवर. सूर थांबला आणि तिथे एक छोटा पांढरा ढग आला, थोडा लांबला, विरला. पियानोची दोन आवर्तनं. पुन्हा शिट्टी. पुन्हा सूर. पुन्हा ढग. ढगाच्या मागे भिंत होती, भिंतीवर कोट अडकवायच्या खुंट्या होत्या, मी त्या मोजल्या. सात. दुसरं काही नव्हतं तिथे.

“काका, थांबा.”

“आता कसं थांबू?” ते वाजवता वाजवता म्हणाले. चेहरा असा उजळलेला की मला त्यांचं तरुणपण दिसलं. “ऐकतेस ना? किती मजेत आहे तो!”

एक-एक.

काका. तो. पहिलं.

काका. तो. दुसरं. ढग आता काकांच्या खांद्याजवळ होता. काका सूर थांबला की मान तिकडे झुकवत होते.

काका. तो. तिसरं. काकांची वाफ मी शोधली. गाणं गुणगुणत होते, ओठ हलत होते, आणि तोंडासमोर काहीच नव्हतं. काही म्हणजे काहीच नाही.

काकांनी चौथं वाजवलं. ह्याच्यानंतर त्याचं एक. आणि मग दोघं मिळून. शिट्टी सुरू झाली, श्वास आत यायला लागला, आणि मी काठ्या उचलल्या.

चार मात्रा. जेवढं होतं तेवढ्या सगळ्यावर. मोठा ड्रम, छोटा ड्रम, दोन्ही झांजा, लोखंडी दांडा सुद्धा. त्याच्या आवर्तनाच्या जागेवर मी बसले.

झांजा विझल्या. शिट्टी अर्ध्यात थांबली होती. आत ओढलेला तो श्वास कुणी बाहेर सोडला नाही.

काकांचे हात शेवटच्या भागासाठी वर उचललेले, पट्ट्यांच्या वर वीतभर. ते तसेच राहिले. पडलेच नाहीत. मग हळूहळू मांडीवर आले, आणि काकांच्या तोंडातून एकदम मोठी पांढरी वाफ बाहेर पडली. म्हातारा खोकला, कोट ओढून घेतला, थंडी वाजायला लागल्यासारखा.

“थट्टा केलीस?” ते म्हणाले.

“नाही, काका. आयुष्यात पहिल्यांदा नाही केली.”

त्यांनी उजवीकडे बघितलं. मग खोलीभर बघितलं, पाहुणा उठून गेला आणि आपल्याला कळलंच नाही, तसं. आणि मग त्यांची नजर माझ्यावर आली. माझ्यावर नाही, माझ्या खांद्याच्या जरा वर. त्या चेहऱ्यावर मला राग चालला असता. तिथे हेवा होता.

माझ्या मानेवर ऊब लागली. तो अडवलेला श्वास कुणीतरी सोडला.

सॅक्सोफोन सुरू झाला. हळू, खालच्या सुरात, माझ्या आणि झांजेच्या मधून. मी वळले नाही. मोजलं. मला मोजता येतं, तेवढंच येतं. आठ आवर्तनं, शेवटचा सूर वर नेऊन सोडलेला, प्रश्न विचारतात तसा. आणि मग शांतता, आठ आवर्तनांएवढी मोकळी.

“आठ आहेत,” लुदेककाका म्हणाले. त्यांचा आवाज आता नेहमीचा होता, तालमीत ओरडायचा तो. “ऐक माझं. आठावरच राहा. उत्तर दे, पण खाली उतरू नकोस. पायरी तू ठरव, त्याला ठरवू देऊ नकोस.”

“नाही दिलं उत्तर तर?”

“चाळीस वर्षांत मी कधी करून बघितलं नाही,” ते म्हणाले.

तोवर माझा हात झांजेवर गेला होता.

आठ आवर्तनं वाजवली मी. एकही कमी नाही, एकही जास्त नाही. शेवटच्या मात्रेला झांज दोन बोटांत धरून थांबवली आणि श्वास रोखला.

शिट्टी आली.

त्याने चार वाजवली आणि थांबला.